‘माहीत नव्हते’ हे उत्तर नाही

२४ मार्च २०२५ रोजी नागपुरात महापालिकेने दंगलीतील एका आरोपीच्या कुटुंबाचे घर पाडले. त्याच दिवशी मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने पाडकामाला स्थगिती दिली. पण तोवर त्या घराचा ढिगारा झाला होता. पुढच्या महिन्यात महापालिका आयुक्तांनी न्यायालयाची बिनशर्त माफी मागितली. खुलासा असा, की सर्वोच्च न्यायालयाचे निर्देश संबंधित अधिकाऱ्यांना माहीतच नव्हते.

ते निर्देश १३ नोव्हेंबर २०२४ चे. न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांच्या खंडपीठाने सांगितले होते : किमान १५ दिवसांची नोटीस द्या, म्हणणे ऐकून घ्या, पाडकामाचे चित्रीकरण करा. रस्ता, पदपथ, जलाशय अशा सार्वजनिक जागेवरील अतिक्रमणाला हे संरक्षण नाही. मात्र निर्देश मोडणाऱ्या अधिकाऱ्यावर अवमानाची कारवाई होईल आणि भरपाई त्याच्या खिशातून जाईल. हे परिपत्रकाद्वारे खालपर्यंत पोहोचवण्याची जबाबदारी राज्य सरकारांवर होती.

‘माहीत नव्हते’ या शब्दांत एक कायदेशीर पळवाट आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ नुसार दिवाणी अवमान म्हणजे आदेशाचा किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. पण हेतू सिद्ध झाला पाहिजे. आदेश माहीत नव्हता म्हटले, की हेतूचा प्रश्नच गळून पडतो.

म्हणून मित्रांनो, ही पळवाट बंद करणे बऱ्याच अंशी आपल्या हातात आहे. आदेश मिळताच त्याची प्रमाणित प्रत काढा. ती संबंधित कार्यालयात द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांकासह पोच घ्या. पोच नाकारली तर स्पीड पोस्टने पाठवा. आदेश मोडला गेलाच, तर एक वर्षाच्या आत न्यायालयात जा. त्यानंतर दार बंद होते. मोर्चा आणि समाजमाध्यमांवरचा संताप न्यायालयात पुरावा ठरत नाही, पोच ठरते.

‘मोठ्यांचे कोण काय वाकडे करणार?’ असे म्हणून गप्प बसणाऱ्यांनी २००६ आठवावे. आदेश डावलून आरा गिरण्यांना परवानगी दिल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याची कैद सुनावली होती.

हीच फूटपट्टी आपल्यालाही लागू आहे. रात्री १० ते सकाळी ६ या वेळेतील ध्वनिक्षेपकाचे निर्बंध मशिदीला, मंदिराला आणि लग्नाच्या मांडवाला सारखेच आहेत. घर वाचवणारा आदेश आपला आणि भोंग्याचा आवाज कमी करायला सांगणारा आदेश परका, अशी वाटणी करता येणार नाही. तशी केली, तर दुसऱ्याला आदेश पाळायला सांगण्याचा आपला नैतिक अधिकार संपतो.

दुर्बलाकडे सत्ता नसते, संख्या नसते. न्यायालयाचा कागद असतो. तो पेटीत जपून ठेवायचा नसतो, साहेबांच्या टेबलावर ठेवून पोच घ्यायची असते. प्रत्येक मोहल्ल्यात हे काम जाणणारे दोन तरुण-तरुणी तरी तयार झाले, तर ‘माहीत नव्हते’ म्हणणे अधिकाऱ्यांना जड जाईल.