सातबाऱ्यावर नाव म्हणजे मालकी नव्हे

वडीगोद्री ते शहागड कोणत्याही पारावर बसा, जमिनीच्या भांडणाचा विषय निघाल्याशिवाय राहत नाही. जायकवाडीचा डावा कालवा आला, पुढे सोलापूर-धुळे महामार्ग (पूर्वीचा २११, आताचा ५२) चौपदरी झाला. जमिनीला भाव आला आणि बांधावरची कुरबुर हमरीतुमरीवर गेली. "सातबारा माझ्या नावावर हाय, कोण काय करतंय?" हे वाक्य मग हमखास कानी पडते. घोळ नेमका इथेच आहे.

सातबारा हा महसुलाचा कागद. जमीन महसूल संहिता १९६६ च्या कलम १५७ प्रमाणे त्यावरची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरतात, एवढेच. फेरफाराने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितले आहे. मालकीचा निवाडा दिवाणी न्यायालयाचा. महामार्गाच्या मावेजाच्या वाटपावर वाद उठला, तरी १९५६ च्या महामार्ग कायद्यातील कलम ३-एच (४) प्रमाणे तो दिवाणी न्यायालयाकडेच पाठवावा लागतो.

तरी आपला शेतकरी मंडळ अधिकारी, प्रांत, अपर जिल्हाधिकारी, आयुक्त अशी वारी करीत राहतो. वर्षे जातात आणि शेवटी हातात कागद पडतो की, मालकीसाठी दिवाणीत जा. तोवर जुने साक्षीदार गेलेले असतात. मुदतीचेही तेच. मालकीच्या आधारे ताबा मागायला १२ वर्षे, पण हक्क नाकारल्यावर मालकी जाहीर करून मागायला तीनच. जबरीने काढलेला ताबा नुसत्या वहिवाटीच्या पुराव्यावर परत हवा असेल तर सहा महिन्यांत दावा लावावा लागतो. फेरफाराचे अपील चालू आहे म्हणून मुदत थांबेल, या भरवशावर राहू नये.

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे वडीलधारी सांगतात. त्यात तथ्य आहे. तारखा पडतात, वकिलाची फी भागवता भागवता कापसाचे पैसे संपतात. वाटणीचा हुकूमनामा झाला तरी सारा भरणाऱ्या जमिनीचे प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फतच होते, तिथेही फाईल अडते. पण म्हणून चुकीच्या दारात दहा वर्षे घालवणे हा काही शहाणपणा नव्हे.

दावा लावायचाच तर तयारीने लावा. खरेदीखत, १९५४-५५ चे खासरा पत्रक, जुने फेरफार यांच्या नकला काढा. भूमी अभिलेखची मोजणी करून घ्या. वाटणीच्या दाव्यात बहिणींना वगळू नका. एक वारस सुटला तरी दावा लंगडा होतो. आणि समेटाची वाट शेवटपर्यंत उघडी ठेवा. लोकअदालतीत तडजोड झाली तर तिला हुकूमनाम्याचे बळ असते, त्यावर अपील नाही आणि भरलेली कोर्ट फीही परत मिळते. महिलांना, अनुसूचित जाती-जमातींना विधी सेवा समितीकडून वकील मोफत मिळतो; त्यासाठी उत्पन्नाची अट नाही.

शासनानेही एक करावे. वाद मालकीचा आहे असे दिसताच महसूल अधिकाऱ्याने पहिल्याच तारखेला पक्षकारांना तसे लेखी सांगावे. त्याला ना नवा कायदा लागतो ना पैसा. गरीब शेतकऱ्याचे दहा वर्षांचे हेलपाटे मात्र वाचतील.