भाषा एक, इतिहास अठरा



लेबनॉन हे नाव आपल्या घरात येते ते बहुधा बातम्यांतून, आणि बातमी चांगली असते असे क्वचितच. ज्यांना वाचनाची आवड आहे त्यांना खलील जिब्रान आठवतो. १८८३ साली बशर्री या डोंगरातल्या गावी जन्मलेला हा लेखक लहानपणीच आईबरोबर अमेरिकेला गेला आणि आधी अरबीत व पुढे इंग्रजीत लिहिता झाला. वि. स. खांडेकरांनी त्याच्या रूपककथा मराठीत आणल्या, त्यामुळे आपल्या आधीच्या पिढीला तो परका वाटला नाही. त्याचा देश मात्र परकाच राहिला. या अंकात आम्ही त्या देशाविषयी लिहीत आहोत, कारण भाषा, शाळा आणि इतिहास या आपल्या जिव्हाळ्याच्या तीन विषयांवर त्याच्याकडून शिकण्यासारखे पुष्कळ आहे, असे आमचे मत आहे.

महाराष्ट्राबाहेर पिढ्यान्‌पिढ्या राहिलेली आपण मराठी माणसे भाषेला धरून आहोत. भाषा टिकली की समाज टिकला, अशी आपली श्रद्धा आहे. ती खोटी नाही. पण समाज एकत्र राहायला एक भाषा पुरते का, हा प्रश्न विचारायला हवा. लेबनॉनने त्याचे उत्तर फार मोठी किंमत देऊन मिळवले आहे.

हा देश आकाराने अगदी लहान. क्षेत्रफळ १०,४५२ चौरस किलोमीटर, म्हणजे पुणे जिल्ह्यापेक्षाही कमी. पश्चिमेला भूमध्य समुद्र, किनाऱ्याला लागूनच उंच डोंगर, त्यामागे बेकाचे खोरे आणि त्यापलीकडे पुन्हा डोंगर. एवढ्याशा जागेत अठरा धर्मपंथांना सरकारी मान्यता आहे. मॅरोनाइट, ग्रीक ऑर्थोडॉक्स, ग्रीक कॅथलिक, आर्मेनियन हे ख्रिस्ती पंथ, सुन्नी आणि शिया हे मुस्लिम पंथ, शिवाय द्रूझ आणि इतर काही. लग्न आणि घटस्फोट यांचे नियम ज्याच्या त्याच्या पंथाचे. दोन पंथांतल्या तरुण-तरुणींना धर्म मध्ये न आणता लग्न करायचे तर बहुतेकांना सायप्रससारख्या शेजारच्या देशात जावे लागते.

आर्मेनियन लोकांनी आपली भाषा घरात जपली आहे. ते सोडले तर या सर्व पंथांची घरची भाषा एकच, लेबनॉनी अरबी. चर्चमध्ये जाणारी आजी आणि मशिदीत जाणारे आजोबा एकाच बोलीत भाजीचा भाव करतात. पुस्तकातली अरबी मात्र या बोलीपासून बरीच दूर आहे. आपल्याकडे घरची बोली आणि पुस्तकी मराठी यांत जेवढे अंतर असते त्याहून किती तरी जास्त. म्हणून तिथले मूल शाळेत पाऊल टाकते तेव्हा 'आपली' भाषाही त्याला नव्याने शिकावी लागते. त्यातच फ्रेंच किंवा इंग्रजी येते. गणित आणि विज्ञान या परक्या भाषांतून, तर अरबी वाङ्मय, इतिहास, भूगोल आणि नागरिकशास्त्र अरबीतून, अशी तिथली पद्धत आहे. बैरूतमधले 'हाय, कीफक, सा वा?' हे अभिवादन प्रसिद्ध आहे. त्यात पहिला शब्द इंग्रजी, दुसरा अरबी आणि तिसरा फ्रेंच. लेबनॉनी लोक स्वतःच त्यावर विनोद करतात.

हा तिहेरी संसार कसा मांडला गेला हे पाहण्यासारखे आहे. १८६० साली लेबनॉनच्या डोंगरात मॅरोनाइट आणि द्रूझ यांच्यात मोठा रक्तपात झाला आणि हजारो माणसे मेली. त्यानंतर बैरूतच्या बुत्रुस अल-बुस्तानी या विद्वानाने ठरवले की पुढची पिढी एका बाकावर बसून शिकली पाहिजे. १८६३ साली त्याने 'राष्ट्रीय शाळा' काढली आणि तिचे दरवाजे सर्व पंथांच्या मुलांना उघडे ठेवले. त्याने अरबीचा मोठा शब्दकोश तयार केला आणि पुढे ज्ञानकोशाचे कामही हाती घेतले. ज्ञानकोशकार केतकरांचे नाव आदराने घेणाऱ्या आपल्या वाचकांना या माणसाची धडपड लगेच समजेल. भाषा आणि शाळा यांच्या बळावर दुभंगलेला समाज सांधता येईल, हा त्याचा विश्वास होता.

पण त्याच सुमारास दुसरा प्रवाहही जोरात होता. अमेरिकन मिशनऱ्यांनी १८६६ मध्ये महाविद्यालय काढले, तेच आजचे बैरूतचे अमेरिकन विद्यापीठ. तिथे सुरुवातीला अरबीतून शिकवत. वीसेक वर्षांत इंग्रजी आली. फ्रेंच जेझुइटांनी १८७५ मध्ये सेंट जोसेफ विद्यापीठ स्थापन केले. या संस्थांनी विद्वान, डॉक्टर, पत्रकार घडवले, त्यांचे ऋण लेबनॉन मानतो. मात्र प्रत्येक पंथाने आपापली शाळा काढण्याची चाल पक्की झाली. पुढे राज्यघटनेनेही पंथांचा हा हक्क मान्य केला. बुस्तानीचा एक बाक कमी पडला आणि बाके अनेक झाली.

राजकारणही त्याच वळणाने गेले. पहिल्या महायुद्धानंतर हा मुलूख फ्रान्सकडे आला आणि १ सप्टेंबर १९२० रोजी फ्रेंच सेनापतीने 'बृहद् लेबनॉन'ची घोषणा केली. १९४३ मध्ये स्वातंत्र्य मिळताना पुढाऱ्यांनी आपसांत एक समझोता केला. राष्ट्राध्यक्ष मॅरोनाइट, पंतप्रधान सुन्नी, संसदेचा सभापती शिया. संसदेत सहा ख्रिस्ती सभासदांमागे पाच मुस्लिम. या हिशेबाला आधार होता १९३२ च्या जनगणनेचा. त्यानंतर आजपर्यंत तिथे सरकारी जनगणना झालेली नाही! डोकी मोजली तर वाटे बदलतील, ही भीती. आपले विद्यार्थी नागरिकशास्त्रात जनगणनेचे फायदे पाठ करतात. मोजायलाच घाबरणारा देशही असू शकतो, हे त्यांनी ध्यानात ठेवावे.

हा तोल १३ एप्रिल १९७५ रोजी ढळला आणि १९९० पर्यंत यादवी चालली. कारण केवळ पंथांचे नव्हते. पॅलेस्टिनी संघटना, सीरिया आणि इस्राएल या सर्वांचे हात त्यात होते. सुमारे दीड लाख माणसे मेली; सतरा हजारांच्या आसपास बेपत्ता झाली असे मानतात. बैरूतचे पूर्व आणि पश्चिम असे दोन तुकडे पडले. ओळखपत्रावर पंथ लिहिलेला असे आणि नाक्यावर ते दाखवताना अनेकांचे प्राण गेले.

ओळखपत्र नसेल तर भाषा कामी येई. टोमॅटोला लेबनॉनी माणूस 'बनदूरा' म्हणतो, पॅलेस्टिनी माणूस 'बंदोरा'. दोन्ही शब्दांचे मूळ इटालियन 'पोमोदोरो'. नाक्यावरचे बंदूकधारी समोर टोमॅटो धरून याला काय म्हणतात असे विचारत, आणि उत्तरावर माणसाचे नशीब ठरे, अशी आठवण त्या काळाबद्दल सांगतात. ज्या भाषेच्या बळावर बुस्तानी माणसे जोडू पाहत होता, त्याच भाषेतला एक स्वर माणसे निवडून काढायला वापरला गेला. भाषेवर प्रेम करणाऱ्या प्रत्येकाने यावर विचार करावा.

आता आमच्या मुख्य मुद्द्याकडे येतो. १९८९ च्या ताइफ करारात पुढाऱ्यांनी युद्ध संपवण्याच्या अटी मान्य केल्या. संसदेतल्या जागा निम्म्या-निम्म्या झाल्या. त्याच करारात आणखी एक कलम होते, ते म्हणजे इतिहास आणि नागरिकशास्त्र यांची पाठ्यपुस्तके सर्वांसाठी एकच असावीत. तोफा थांबल्या, १९९१ मध्ये युद्धातल्या बहुतेक गुन्ह्यांना माफी देणारा कायदा झाला, संसद भरली. इतिहासाचे पुस्तक मात्र झाले नाही. २००१ च्या सुमारास प्राथमिक वर्गांसाठी पुस्तके तयार झाली, तेव्हा या भूमीवर आलेल्या आणि निघून गेलेल्या सत्तांमध्ये अरबांचेही नाव आहे, म्हणून वाद पेटला आणि पुस्तके मागे घेतली गेली. अरब हे आलेले परके की आपणच अरब, यावर एकमत नव्हते. २०१२ मध्ये पुन्हा प्रयत्न झाला, तेव्हा अलीकडच्या घटनांवरून विद्यार्थी रस्त्यावर उतरले. शाळेतला इतिहास वर्षानुवर्षे स्वातंत्र्यापाशी, फार तर फ्रेंच फौजा गेल्या त्या १९४६ सालापाशी थांबत आला आहे.

मग पुढचा इतिहास मुले शिकत नाहीत का? शिकतात. घरी, जेवताना, पक्षाच्या कार्यालयात, मोहल्ल्यातल्या भिंतीवरच्या हुतात्म्यांच्या चित्रांतून शिकतात. एका घरातला वीर दुसऱ्या घरातला खुनी असतो. युद्धाला सर्वमान्य नावही नाही. कोणी त्याला नुसत्या 'घटना' म्हणतात, कोणी 'आमच्या भूमीवर दुसऱ्यांचे युद्ध' म्हणतात. भाषा एकच, पण त्या भाषेत सांगितले जाणारे इतिहास अठरा.

जखमा उकरू नयेत, मुलांपुढे तर नाहीच, असे यावर कोणी म्हणेल. या म्हणण्यात तथ्य आहे. १९९१ साली माफी दिली नसती तर बंदुका खाली ठेवल्या गेल्या असत्या का, सांगता येत नाही. पण काही वर्षे गप्प राहणे वेगळे आणि दोन पिढ्या गप्प राहणे वेगळे. बेपत्ता माणसांच्या आया आणि बायका दशकानुदशके तसबिरी घेऊन बसल्या, तेव्हा कुठे २०१८ मध्ये त्यांचा शोध घेण्याचा कायदा झाला. मौनाने जखम भरत नाही, ती पुढच्या पिढीच्या अंगावर उमटते, असे आम्हांला वाटते.

तिथली तरुण मंडळी हे ओळखून आहेत. ऑक्टोबर २०१९ मध्ये आर्थिक दिवाळखोरीच्या तोंडावर सर्व पंथांचे लोक रस्त्यावर आले आणि 'कुल्लुन यअनी कुल्लुन', म्हणजे 'सगळे म्हणजे सगळेच', अशी घोषणा झाली. सगळेच पुढारी दोषी, आमचाही त्यात आला, असा तिचा अर्थ. घोषणा पुस्तकी अरबीत नव्हती, फ्रेंचमध्येही नव्हती. ती घरच्या बोलीत होती. त्याच्याही आधी 'बदना नअरिफ', म्हणजे 'आम्हांला जाणून घ्यायचे आहे', या नावाच्या उपक्रमात बैरूत परिसरातल्या शाळकरी मुलांनी वडीलधाऱ्यांच्या मुलाखती घेतल्या. पाणी कुठून आणत होतात? शाळा बंद होती तेव्हा काय करत होतात? भीती कशाची वाटे? सरकारला जे पुस्तक करता आले नाही, त्याची कच्ची पाने या मुलांनी गोळा केली.

आम्हां हैदराबादकर मराठी मंडळींना हे ओळखीचे वाटायला हवे. १७ सप्टेंबर १९४८ हा एकच दिवस. महाराष्ट्रात तो मराठवाडा मुक्तिसंग्राम दिन, कर्नाटकात कल्याण कर्नाटक उत्सवाचा दिवस. आपल्या तेलंगणात २०२२ साली केंद्राने तो मुक्ती दिन म्हणून आणि राज्य सरकारने राष्ट्रीय एकात्मता दिन म्हणून त्याच तारखेला साजरा केला. जुनी माणसे नुसते 'पोलिस ॲक्शन' म्हणतात. एका घरात रझाकारांच्या अत्याचारांची आठवण आहे. दुसऱ्या घरात त्यानंतर खेड्यापाड्यांतल्या निरपराध मुसलमानांवर जे बेतले त्याची आठवण आहे. दोन्ही खऱ्या आहेत. आपले शहर लेबनॉन नव्हे, आणि तसे ते कधी होऊ नये. म्हणूनच या आठवणी एकमेकांच्या कानावर पडायला हव्यात.

म्हणून आमची एक सूचना आहे. आठवी-नववीच्या प्रत्येक विद्यार्थ्याने या वर्षी दोन मुलाखती घ्याव्यात. एक घरातल्या किंवा नात्यातल्या वडीलधाऱ्यांची, दुसरी तेलुगू किंवा उर्दू बोलणाऱ्या शेजाऱ्यांकडच्या वडीलधाऱ्यांची. प्रश्न साधे असावेत. ४८ साली तुम्ही कुठे होतात? स्वतः पाहिले की ऐकले? त्या दिवसाला तुमच्या घरात काय म्हणतात? उत्तर आवडले नाही तरी बदलू नये, जसे सांगितले तसे मराठीत लिहावे. शिक्षकांनी वह्या तपासाव्यात त्या शुद्धलेखनासाठी, मतांसाठी नव्हे. विश्वस्त मंडळाला विनंती की या वह्यांसाठी ग्रंथालयात एक कपाट द्यावे. विषय नाजूक आहे, याची आम्हांला कल्पना आहे. पण ज्यांनी तो काळ डोळ्यांनी पाहिला ती माणसे आता ऐंशी-नव्वदीत आहेत. आणखी दहा वर्षांनी विचारायला कोणी उरणार नाही.

पालकांना एवढेच सांगायचे आहे की मुलाला मराठी नीट येत असेल तरच तो आजीला हे विचारू शकेल आणि तिचे उत्तर त्याला पूर्ण कळेल. घरात मराठी बोला, हा आमचा आग्रह जुनाच आहे. त्या मराठीत मुलाने अवघड प्रश्न विचारला तर त्याला गप्प बसवू नका, हा आग्रह नवा आहे. पहिल्या वह्या दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळेत जमा कराव्यात. निवडक मुलाखती याच पानांवर छापण्याचा आमचा विचार आहे.