67 कोटींचे गायतोंडे तिकीट काढून बघता येतात, ते एका कापूस व्यापाऱ्यामुळे

सप्टेंबर 2025 मध्ये दिल्लीत सॅफ्रनआर्टचा लिलाव झाला आणि वासुदेव गायतोंडेंचं 1970 सालचं एक चित्र 67.08 कोटी रुपयांना गेलं. बातमी आली तशी व्हायरल झाली. कमेंटमध्ये नेहमीचाच सूर होता, "एवढ्यात तर आख्खी स्कीम उभी राहील."

नागपूरकरांसाठी या बातमीत आणखी एक गोष्ट होती. गायतोंडे 1924 साली नागपुरात जन्मले. आज बेसा भागात राहणाऱ्या एखाद्या पोराला आपल्या गावच्या या माणसाचं अस्सल चित्र समोर उभं राहून बघायचं असेल, तर त्याने काय करायचं? 67 कोटी तर नाहीत.

एक रस्ता मुंबईला जातो. तिथल्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात एक आधुनिक कलेची गॅलरी आहे. ती ज्यांच्या नावाने आहे ते जहांगीर निकोल्सन काही चित्रकार नव्हते. ते मुंबईतले पारशी कापूस व्यापारी.

1968 साली, वयाची पन्नाशी उलटल्यावर त्यांनी पहिलं चित्र घेतलं. मग नादच लागला. हुसेन, रझा, सूझा, गायतोंडे, तय्यब मेहता अशी सगळी मंडळी त्यांच्या संग्रहात आली. लक्षात घ्या, तेव्हा या चित्रांना गुंतवणूक कुणी म्हणत नव्हतं. 2001 मध्ये निकोल्सन गेले. त्याच वर्षी गायतोंडेही गेले. तोवर संग्रह सुमारे 800 कलाकृतींपर्यंत पोचला होता.

आता वाटून घ्यायचं म्हटलं असतं तर लिलाव करून मोकळं होता आलं असतं. पण निकोल्सन यांना संग्रह लोकांसमोर हवा होता. त्यांच्या पश्चात फाउंडेशनने 2008 मध्ये संग्रहालयाशी करार केला आणि 2011 मध्ये गॅलरी सुरू झाली. मालकी फाउंडेशनकडे, जागा संग्रहालयाची. चित्रं आलटून पालटून लागतात, त्यामुळे जाण्याआधी काय लागलंय ते विचारलेलं बरं.

म्हणजे हे सरळसोट दान नाही. पण असा मधला मार्ग का काढावा लागतो?

एक कारण कराचं आहे. अमेरिकेत म्युझियमला चित्र दिलं, की अटी पाळून त्याच्या बाजारभावाएवढी वजावट करात मिळू शकते. आपल्याकडे 80जी ची सवलत पैशाच्या देणगीला आहे, वस्तूच्या नाही. कोट्यवधींचं चित्र सरकारी संग्रहालयाला देऊन टाकलं, तरी त्या सवलतीत ते बसत नाही.

पण कर हे काही सगळं उत्तर नव्हे. अँड्र्यू मेलन हे पिट्सबर्गचे धनाढ्य बँकर, अमेरिकेचे अर्थमंत्रीही होते. त्यांनी आपला संग्रह आणि इमारतीचा खर्च देशाला दिला आणि 1941 मध्ये वॉशिंग्टनची नॅशनल गॅलरी उघडली. त्यांची अट होती, गॅलरीला माझं नाव नको. कारण व्यवहारी होतं. मेलनच्या नावाच्या इमारतीला दुसरा श्रीमंत माणूस आपली चित्रं कशाला देईल? पुढे क्रेस आणि वायडनर या बड्या संग्राहकांनी आपले संग्रह तिथेच दिले.

मुंबईतही जवळपास हेच झालं. सर रतन टाटा आणि सर दोराबजी टाटा या भावांचे संग्रह याच संग्रहालयात आले. त्यांच्या वडिलांची, जमशेटजींची एम्प्रेस मिल 1877 मध्ये सुरू झाली होती नागपुरात. कापूस विदर्भाचा, मिल नागपूरची, चित्रकार नागपुरात जन्मलेला, आणि चित्रं मुंबईत! यात चिडण्यासारखं आहे, पण टाटा आणि निकोल्सन मुंबईचेच होते हेही तितकंच खरं.

बरं, नागपुरात संग्रहालय नाही असंही नाही. सिव्हिल लाइन्सचा अजब बंगला 1863 चा, म्हणजे मुंबईच्या त्या संग्रहालयापेक्षा जुना. फक्त इमारत असून भागत नाही. कागदावरची, कॅनव्हासवरची चित्रं सांभाळायला ठरावीक तापमान, मोजकी आर्द्रता, डागडुजी करणारे जाणकार आणि विमा लागतो. नागपूरचा मे महिना आठवा. देणारा आधी हेच विचारतो, माझ्यामागे हे नीट राहील का?

योग्य जागी न पडलेल्या दानाचं काय होतं, ते हुसेनच्या 'ग्रामयात्रा'वरून कळतं. नॉर्वेत राहणाऱ्या डॉ. लिऑन व्होलोदार्स्की यांनी ते 1954 मध्ये दिल्लीत घेतलं आणि पुढे ऑस्लोच्या हॉस्पिटलच्या नावे केलं. अनेक दशकं ते तिथेच राहिलं, बाहेर कुणाला फारसं माहीत नव्हतं. मार्च 2025 मध्ये हॉस्पिटलने ते न्यूयॉर्कला विकायला काढलं आणि सुमारे 118 कोटी आले. पैसा डॉक्टरांच्या प्रशिक्षणासाठी, त्यामुळे नाव ठेवायलाही जागा नाही.

चित्र मात्र पुन्हा घेणाऱ्याच्या मर्जीवर गेलं.