गप्पी की पँचॅक्स?

जुन्नरच्या घरी भाचीसाठी काचेची टाकी आणली आणि वाद सुरू झाला... गप्पी की पँचॅक्स?

गप्पी मूळचा दक्षिण अमेरिकेतला. रंगीत, काटक, डासांच्या अळ्या खातो म्हणून सरकारी आरोग्य खातंही पाण्यात सोडतं. पण साधारण महिन्याला पिल्लंच पिल्लं! भाची म्हणाली, "मामा, जास्तीची कुकडीत सोडू ना!" मी दचकलोच. तिथे वाढली तर इथल्या माशांच्या तोंडचा घास पळवतील.

पँचॅक्स आपल्याकडचाच. शेपटीचा थाट नाही, पण डोक्यावर चांदीचा ठिपका. अळ्या तोही खातो. मात्र उड्या मारतो, झाकण हवंच. छोटे मासेही गिळतो.

माझं मत पँचॅक्सला. आणि मासा कुठलाही असो, टाकीतला नदीत सोडायचा नाही. भाची अजून फुगलेली आहे. असो!