लेम्बस, हलवा आणि राजा कुठे होता?

गेल्या संक्रांतीला आमच्याकडे एक छोटंसं भांडण झालं. भांडणाला निमित्त हलवा, आणि भांडणात मी साक्षीला काढला टॉल्किन. आता हे कसं काय जुळलं, ते जरा सविस्तर सांगतो.

'लॉर्ड ऑफ द रिंग्ज' वाचलेल्यांना लेम्बस माहीत असेल. ज्यांनी नुसते सिनेमे पाहिलेत त्यांच्यासाठी : लेम्बस म्हणजे एल्फ लोकांची शिदोरी. बाहेरून फिकट तपकिरी, आतून सायीच्या रंगाची पातळ वडी, पानात गुंडाळलेली. मोडली नाही आणि पानातून काढली नाही तर कित्येक दिवस टिकते. एका वडीवर माणूस दिवसभर मेहनत करू शकतो. गिम्ली हा बुटका आधी नाक मुरडतो, त्याला वाटतं की ही आपली नेहमीची कोरडी प्रवासी बिस्किटं, आणि मग अख्खी वडी मिटक्या मारत संपवतो. ह्याउलट गॉलमला तिचा एक घासही उतरत नाही, घशात धूळ आणि राख गेल्यासारखं होतं.

माझ्यासारखा इंजिनियर हे वाचून काय म्हणणार? 'एनर्जी बार!' पण ही चूक करणारा मी पहिला नाही. १९५८ साली ह्या कादंबरीवर सिनेमा काढायचा घाट घातला गेला होता. त्याच्या पटकथेत लेम्बसला जवळजवळ असंच, म्हणजे सत्त्व काढून आटवलेलं अन्न, म्हटलं होतं. टॉल्किन चिडले. त्यांनी पत्रात लिहिलं त्याचा मथितार्थ असा, की प्रयोगशाळेत तपासलंत तर गव्हाच्या इतर कुठल्याही वडीपेक्षा ह्यात काही वेगळं सापडणार नाही. त्याचं बळ रसायनात नाहीच.

मग कशात आहे? ह्याचं उत्तर टॉल्किनच्या एका छोट्या टिपणात आहे. त्यांच्या मुलाने संपादित केलेल्या आणि १९९६ साली आलेल्या 'द पीपल्स ऑफ मिडल-अर्थ' ह्या खंडात ते छापलंय. त्यात लेम्बसचं सगळं सोवळंच सांगितलंय म्हणा ना! त्याचं धान्य यावान्ना ह्या देवतेने पिकवलेलं. कापणीला धातूचं हत्यार चालत नाही, कणसं हातानेच काढायची. कणसापासून वडीपर्यंत ठरावीक स्त्रियांखेरीज कुणी हात लावायचा नाही, आणि कृती त्यांनी गुप्त ठेवायची. तयार लेम्बस सांभाळायचा आणि वाटायचा अधिकार फक्त राणीचा. 'सिल्मरिलियन'मध्ये तर राणी मेलियन लेम्बस देते तेव्हा ते रुपेरी पानांत बांधून दोऱ्यांच्या गाठींवर पांढऱ्या मेणाची मोहोर लावलेली असते. आमच्या भाषेत सांगायचं तर रूट ॲक्सेस एकीकडेच, आणि पॅकेज डिजिटली साइन्ड.

मला हे सगळं भयंकर आवडतं. पदार्थ पवित्र होतो तो नियमांमुळे, असं माझं लाडकं मत होतं. 'होतं' हा शब्द मुद्दाम वापरतोय.

तर संक्रांत. आमच्या कन्येचं पहिलं बोरनहाण. आई म्हणाली, "ह्या वर्षी हलवा आणि दागिने विकतच आणूया रे, माझं मनगट धरलंय." मी लगेच, "छे! बोरनहाणाला हलवा घरचाच हवा. विकतच्यात ती मजा नाही." आणि मग वर दिलेलं लेम्बसपुराण सुनावलं. कोण बनवतं, कसं बनवतं, ह्यालाच कसा अर्थ असतो वगैरे. बायको शांतपणे ऐकत होती. संपल्यावर तिने एकच प्रश्न विचारला, "आणि त्यात पीठ मळायला राजा कुठे होता?"

खरं सांगतो, उत्तर नव्हतं. राजा कुठेच नव्हता. माझ्या लाडक्या नियमांत शेतापासून मोहोरेपर्यंत सगळ्या बायका, आणि शिदोरी खाऊन पराक्रम करणारे जवळजवळ सगळे पुरुष. आमच्या घरी तरी वेगळं काय होतं? सोवळं आजीचं, मनगट आईचं, आणि परंपरेचा अभिमान तेवढा माझा!

"मग तू कर," असं बायकोने म्हणायच्या आतच मी म्हणून टाकलं, "करतो मी."

ज्यांनी हलवा केलेला नाही त्यांना कल्पना यावी म्हणून सांगतो. भाजलेले तीळ परातीत घ्यायचे, खाली अगदी मंद आच. साखरेचा पाक अर्धा अर्धा चमचा सोडायचा आणि तीळ हाताने सतत फिरवत राहायचे. पाक सुकला की पुन्हा अर्धा चमचा. घाई केली की गोळे होतात, आच वाढली की रंग जातो. पहिल्या संध्याकाळी दोन तास बसून माझे तीळ नुसते पांढुरके झाले होते. बोटांची टोकं भाजली ती वेगळीच. आई शेजारी खुर्चीत बसून "हळू, हळू" एवढंच म्हणत होती. तिसऱ्या संध्याकाळी पहिल्यांदा काटा दिसला. आईने एक दाणा हातात घेऊन दिव्याखाली धरला आणि म्हणाली, "बारीक आहे, पण आहे." आजवर मला मिळालेल्या कुठल्याही अप्रेझलपेक्षा हे भारी होतं. तेवढ्यात मी विचारलं, "तुला कधी कंटाळा नाही यायचा?" ती म्हणाली, "यायचा की. पण तेव्हा कोणी विचारलं नाही."

हे वाक्य अजून डोक्यातून जात नाहीये.

आता माझं मत. परंपरेच्या नियमांत दोन गोष्टी एकत्र बांधलेल्या असतात : 'कसं करायचं' आणि 'कोणी करायचं'. पहिलीत वेळ आहे, लक्ष आहे, मंद आच आहे. दुसरी बहुतेक वेळा फक्त परमिशनची यादी असते. आपण दोन्ही एकच समजतो. मग एक गट म्हणतो सगळं जपा, दुसरा म्हणतो सगळं टाका, ॲपवरून मागवा. मला वाटतं पहिली गोष्ट जपावी आणि यादी बेलाशक बदलावी. आणि ज्याला 'घरचंच हवं' असं वाटतं, त्याने आधी परातीसमोर बसावं. बसायचं नसेल तर विकतचं आणावं, त्यात कमीपणा नाही. पण मग दुसऱ्याच्या मनगटावर आपली संस्कृती जपू नये.

गंमत म्हणजे टॉल्किनच्या गोष्टीतही लेम्बसचे लक्षात राहणारे प्रसंग हे नियम वाकवल्याचेच आहेत. माणसांना ते द्यायची चाल नव्हती. मेलियनने ते तूरिनच्या कामी यावं म्हणून दिलं, गॅलाड्रिएलने तर हॉबिट, माणसं आणि बुटका सगळ्यांनाच वाटलं. त्याने लेम्बसचं काही बिघडलं नाही. उलट फ्रोडो आणि सॅम शेवटी डोंगरापर्यंत पोचले ते त्याच्याच जोरावर.

बोरनहाण झालं. दागिने विकतचे होते, हलवा माझा. कन्येने एक दाणा तोंडात घातला आणि थुंकून टाकला. गॉलमचीच जात, दुसरं काय! पुढच्या वर्षी पुन्हा करणार आहे. मनगटाला आत्तापासून सवय करतोय.