कत्तलखान्यातल्या कामगाराचे घर

आमच्या शेजारच्या मुलाने परवा मोबाईलवर फिल्म काढायचे ठरवले. विषय काय, तर आई सकाळी पाणी भरते, डबे करते, कामाला जाते. आई म्हणाली, "थांब, साडी बदलून येते. अन् ह्यात दाखवण्यासारखं काय हाय?" मुलगा हिरमुसून आमच्याकडे आला. आम्ही त्याला चार्ल्स बर्नेट यांची हकिकत सांगितली.

बर्नेट हे अमेरिकेतले कृष्णवर्णीय दिग्दर्शक. लॉस एंजेलिसमधील वॉट्स या कृष्णवर्णीयांच्या कष्टकरी वस्तीत वाढले. १९६५ साली तिथे उद्रेक झाला तेव्हा वॉट्सचे नाव जगभर गेले. आपल्या वस्त्यांचेही तसेच. घरे जळाली की नाव छापून येते, चुली पेटल्याची बातमी होत नाही.

विद्यापीठात शिकता शिकता बर्नेट यांनी शनिवार-रविवार गाठून 'किलर ऑफ शीप' हा कृष्णधवल चित्रपट काढला. लेखन, छायाचित्रण, संकलन स्वतःचेच. कलावंत बहुतेक ओळखीपाळखीचे. नायक स्टॅन मेंढ्यांच्या कत्तलखान्यात राबतो. रात्री झोप नाही, बायकोशी धड बोलणे नाही. एकदा तो आणि त्याचा मित्र जुने इंजिन विकत घेतात, घाम गाळून जिन्यावरून उतरवतात, गाडीत चढवतात. गाडी हलते आणि इंजिन मागून रस्त्यावर पडून फुटते. दोघे पाहतात आणि निघून जातात. रडारड नाही, कुणी खलनायकही नाही. कर्ज काढून घेतलेली शिलाई मशीन ज्यांच्या घरात महिन्याभरात बंद पडली, त्यांना यात समजावून सांगण्यासारखे काही नाही.

हाच स्टॅन एका ठिकाणी ठासून सांगतो की आपण गरीब नाही, आपण धर्मादाय संस्थेला वस्तू देतो! विहाराच्या वर्गणीत पहिले नाव लिहिणारे, स्वतः भाड्याच्या खोलीत राहणारे एक गृहस्थ आम्हाला आठवले.

हा चित्रपट १९७८ सालचा. त्याच वर्षी इकडे दया पवारांचे 'बलुतं' आले. पुस्तक वाचकांच्या हाती पडले, चित्रपट मात्र अडकला. खर्च दहा हजार डॉलरच्याही आत, पण त्यात वापरलेल्या गाण्यांचे हक्क घेतलेले नव्हते. १९९० साली राष्ट्रीय ठेवा म्हणून सरकारी यादीत त्याची नोंद झाली, तरी थिएटरात तो लागेना. २००७ साली हक्कांपोटी दीड लाख डॉलर भरले गेले, तेव्हा लागला. आम्ही कॉमर्सवाले. हिशेब मांडला तर चित्रपटाहून गाणी पंधरापट महाग! त्यात खेळलेली पोरे तोवर चाळिशीकडे झुकली असतील.

मुलाला म्हटले, "सिनेमातले गाणे घालू नकोस."

"आणि साडी? आईला जुन्याच साडीत घेऊ ना?"

"ते आईला विचार. चित्र तिचे आहे."

दुसऱ्या दिवशी माउली नवी साडी नेसूनच नळावर आली. पण मुलाला म्हणाली, "माझं तोंड नंतर घे. आधी ती हंड्यांची रांग घे, अन् पानी किती वाजता येतं ते घड्याळ बी दिसू दे."