अकलोलीकरांनो, वसईच्या चर्चांसाठी चला

पाण्याची जागा राखावी लागते, हे तानसेच्या काठच्या आपल्या माणसांना कुणी शिकवायला नको. गरम पाण्याच्या कुंडात साबण घेऊन उतरणाऱ्याला आजही एखादी म्हातारी दटावतेच. (सगळेच ऐकतात असं नाही.) म्हणूनच ही हाक आधी अकलोली-वज्रेश्वरीला.

चिमाजी अप्पांनी पोर्तुगीजांची वसई जिंकण्यासाठी वज्रेश्वरीला नवस केला, १७३९ मध्ये वसई पडली आणि आपल्याला देऊळ मिळालं. वसईच्या घंटा देवळोदेवळी गेल्या. नाशिकच्या नारोशंकराची घंटा सगळ्यांना ठाऊक आहे. मागे किल्ल्यात उरली ती बिनछपराची चर्चं. त्यांच्याशी आपलं काही देणंघेणं नाही, असं म्हणायला आपल्याला तरी तोंड नाही.

जुन्या कॅथलिक चर्चमध्ये बाप्तिस्म्याचं दगडी कुंड बहुधा दाराजवळच असे. अजून मंडळीत न आलेलं मूल थेट वेदीपर्यंत न्यायचं नाही. आधी उंबऱ्याशी पाणी, नाव, मग आत. वसईत पिढ्यान् पिढ्या असे उंबरे ओलांडले गेले. इथेच जन्मलेला गोन्सालो गार्सिया १५९७ मध्ये नागासाकीत क्रुसावर मेला आणि १८६२ मध्ये संत ठरला. आणि आपण? तेच उंबरे ओलांडून फोटोला चांगली कमान शोधत पुढे जातो. सेंट जोसेफ चर्चचा १६०१ मध्ये जीर्णोद्धार झाला. आज त्याच्या मनोऱ्याच्या अरुंद गोल जिन्यात प्रेमिकांची नावं कोरलेली दिसतात. लग्नाआधीच्या शूटिंगवाल्यांबद्दल न बोललेलंच बरं.

भिंतींना खरा धोका पिंपळ-वडाच्या मुळांचा आहे. पावसाळ्यात ती सांध्यांत शिरतात, चुना सुटतो, चिरा हलतो. पण उत्साहाच्या भरात कोयता घेऊन धावू नका. स्मारक केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे आहे. चुकीचं ओढलेलं मूळ भिंतीसकट खाली येतं. किल्ले वसई मोहिमेची मंडळी कित्येक वर्षं तिथे राबताहेत. त्यांना हात द्या.

ग्रामसभेत ठराव घेऊन पुरातत्त्व खात्याला पाठवा: प्रत्येक चर्चसमोर मराठी नकाशाफलक हवा, त्यात दार, वेदी आणि बाप्तिस्म्याची जागा दाखवलेली हवी. शाळेची सहल नेताना वसईच्या एखाद्या धर्मग्रामातल्या जाणत्या माणसाला सोबत घ्या. आणि भिंतीवर खिळा चालवणारा दिसला, तर कुंडावरच्या म्हातारीचा आवाज काढा.